गावाच्या नावाचा अर्थ शोधताय? या चुका टाळा

सोलापूर म्हणजे सोळा गावांचं पूर. सातारा म्हणजे सात तारे. घाटकोपर म्हणजे 'घाट के ऊपर'. तिन्ही उत्तरं चटपटीत आहेत, एकदा ऐकली की डोक्यातून जात नाहीत, आणि जरा पुरावा मागितला की तिन्ही डगमगतात. तरी ती व्हॉट्सॲपवर फिरत राहतात, जत्रेच्या स्मरणिकेत छापली जातात, मुलांच्या प्रकल्पात उतरतात. एकदा छापलं की पुढचा माणूस त्या छापील ओळीचाच आधार घेतो.

गावाचा इतिहास लिहायला बसलेल्या हौशी माणसाकडून ज्या चुका हमखास होतात, त्या इथे मांडल्या आहेत. काही चुकांवर सविस्तर लिहिलं आहे, कारण निम्मी गडबड तिथेच होते.

चूक पहिली: आजच्या नावाची फोड करत बसणं

आपण पाटीवरचं नाव घेतो, मधोमध तोडतो आणि दोन तुकड्यांना अर्थ चिकटवतो. पण आजचं रूप हे नावाचं शेवटचं रूप असतं. व्युत्पत्ती सुरू करायची ती सापडेल तेवढ्या जुन्या रूपापासून.

सोलापूरचंच घ्या. बाराव्या शतकात सिद्धरामेश्वर ज्या गावी होऊन गेले, त्याचं नाव जुन्या कन्नड लेखनात सोन्नलगे किंवा सोन्नलिगे असं येतं. त्यात 'सोळा' कुठेच नाही, आणि 'पूर'ही नाही. पूर मागाहून लागलं. पंढरपुराचीही तीच तऱ्हा. तेराव्या शतकातल्या कोरीव लेखात त्याचं 'पंडरगे' असं रूप आहे. सोन्नलगे आणि पंडरगे ही नावं शेजारी ठेवली की शेवटचा 'गे' दिसतो आणि दोन्ही नावांमागे कन्नडचा थर आहे हे लक्षात येतं. आजच्या दोन 'पुरां'कडे बघून ते कधीच कळलं नसतं. पांडुरंग हे देवाचं नाव गावाच्या या जुन्या नावावरून आलं असावं, असंही काही अभ्यासकांचं मत आहे. म्हणजे आपण समजतो त्याच्या बरोबर उलट दिशेनं.

वाशीमचं उदाहरण याहून बोलकं आहे. वाकाटकांच्या एका शाखेची राजधानी वत्सगुल्म, तेच आजचं वाशीम. प्राकृतात 'त्स'चा 'च्छ' झाला, 'गुल्म' झिजून गेलं आणि 'वच्छोम' असं रूप तयार झालं. पुढे त्याचं वाशीम. मधली पायरी माहीत नसेल तर माणूस 'वास', 'वसती', 'वाशी' असं काहीही जुळवत बसेल आणि जुळलंय असंही त्याला वाटेल.

नाशिकबाबत मात्र जरा सावध राहायला हवं. शूर्पणखेचं नाक इथे कापलं म्हणून नासिक, आणि नऊ शिखरं म्हणून नवशिख, अशा दोन कथा चालतात. पांडवलेण्यांतल्या सुमारे 2 हजार वर्षांपूर्वीच्या लेखात नासिकच्या लोकांनी दिलेल्या दानाचा उल्लेख आहे, आणि तिथे नाव नासिकच आहे. मध्य प्रदेशातल्या भरहूत स्तूपाच्या दानलेखांतही नासिकच्या एका स्त्रीचं दान नोंदलेलं आहे. काही जण म्हणतात, जुन्या रूपात 'स' आहे, मग 'शिखर' आपोआप बाद. हे बरोबर नाही. त्या प्राकृतात 'श' नव्हताच, त्यामुळे 'स' दिसला याने काही सिद्ध होत नाही. प्रश्न वेगळा आहे: 'नव'मधला 'व' इतक्या लवकर कुठे गेला? नवशिखवाल्यांनी याचं उत्तर द्यायला हवं. आणि नाकाची कथा नावावरून सुचली की नाव कथेवरून पडलं, हे त्या लेखांवरून ठरत नाही.

करायचं काय, तर एका कागदावर डावीकडे काळ आणि उजवीकडे त्या काळातलं रूप अशी यादी करा. पुण्यासाठी अशी यादी केली तर वरच्या टोकाला आठव्या शतकातल्या राष्ट्रकूट ताम्रपटांतली 'पुण्य विषय' आणि 'पूनक विषय' ही रूपं येतात (विषय म्हणजे तेव्हाचा प्रांत). तुमच्या गावाला ताम्रपट नसेलच. पेशवाईतला एखादा कागद किंवा इंग्रजी अमदानीतला नकाशा तरी मिळतो. तेवढ्यानेही पुष्कळ कल्पना आपोआप गळून पडतात.

चूक दुसरी: आपलं एकच गाव बघणं

ही चूक सुधारायला पैसा लागत नाही, मोडी यावी लागत नाही, तरी ती कोणी सुधारत नाही. आपल्या गावाची कथा इतकी आवडलेली असते की त्याच नावाची आणखी गावं आहेत का, हे बघायचं राहूनच जातं.

मेळघाटातल्या चिखलदऱ्याची कथा प्रसिद्ध आहे. भीमानं कीचकाला मारून दरीत फेकलं, ती कीचकदरा, तिचं चिखलदरा झालं. कथा रंगतदार आहे. पण नकाशा उघडा: चिखली, चिखलगाव, चिखलठाण, चिखलोली. या सगळ्या ठिकाणी कीचक मेला नसणार. चिखल मात्र सगळीकडे होतो. चिखलदऱ्यासाठी कीचक हवाच असेल, तर चिखलीसाठी दुसरं स्पष्टीकरण का, याचं उत्तर द्यावं लागेल.

सातारा शहराच्या नावात सात तारे, किल्ल्याचे सतरा बुरूज, सतरा दरवाजे असं बरंच काही शोधलं गेलं आहे. पण छत्रपती संभाजीनगरला लागून खंडोबाचं प्रसिद्ध मंदिर असलेलं साताराही आहे. तिथे अजिंक्यतारा नाही आणि ते बुरूजही नाहीत. जे स्पष्टीकरण दोन्ही साताऱ्यांना लागू पडतं ते आधी शोधायचं. नाहीच सापडलं तर मग वेगवेगळी कारणं मांडायची.

आळंदी म्हटलं की आपल्याला एकच आठवते, देवाची. पण पुण्याच्या आसपासच म्हातोबाची आळंदी आहे, चोराची आळंदी आहे. नाशिकजवळ आळंदी नावाचं धरण आहे. म्हणजे 'आळंदी' हा शब्द ज्ञानेश्वरांच्या समाधीशी बांधलेला नाही. तो आधीचा आहे आणि जमिनीशी, पाण्याशी किंवा वस्तीशी त्याचा काही संबंध असला पाहिजे. 'अलंकापुरी' हे वारकरी संप्रदायानं दिलेलं गौरवाचं नाव. अभंगात ते शोभतं, पण आळंदी हा अलंकापुरीचा अपभ्रंश, असं उलटं लिहू नका.

घाटकोपरचं तर फारच सोपं आहे. त्या परिसरातल्या मूळ वस्त्यांची बोली मराठी. त्यांनी आपल्या गावाचं नाव हिंदीत 'के ऊपर' असं कशाला ठेवलं असतं? डोंबिवलीजवळ कोपर आहे, ठाण्यात कोपरी आहे, खाडीपलीकडे कोपरखैरणे आहे. घाटकोपर या भावंडांबरोबर बसवून बघा.

जनगणनेच्या गावयाद्या आता संगणकावर उघडता येतात. आपल्या नावाचा पहिला तुकडा आणि शेवटचा तुकडा वेगवेगळा टाकून शोधा. दहा-वीस भावंडं सापडतात. मग ती नकाशावर खुणा करून बघा: सगळी नदीकाठी आहेत का, सगळी घाटाच्या तोंडाशी आहेत का, की एकाच तालुक्यात दाटलेली आहेत. यातून जे कळतं ते शब्दकोशात नसतं.

चूक तिसरी: सगळ्याचं मूळ संस्कृतात किंवा पुराणात असलंच पाहिजे, हा हट्ट

पैठण प्रतिष्ठानावरून, सोपारा शूर्पारकावरून, ठाणे स्थानकावरून आलं हे खरंच आहे. अडचण अशी की ही चार-दोन उदाहरणं बघून प्रत्येक वाडीला संस्कृत पूर्वज शोधायची सवय लागते.

लातूर घ्या. राष्ट्रकूट राजे स्वतःला 'लत्तलूरपुरवराधीश्वर', म्हणजे लत्तलूर या श्रेष्ठ नगराचे स्वामी, म्हणवत. लत्तलूर म्हणजे आजचं लातूर, असं सर्वसाधारणपणे मानलं जातं. शेवटचा 'ऊर' म्हणजे कन्नड-तेलुगूतलं गाव. त्याच्यापुढे पुन्हा 'पुर' लावलं, म्हणजे लेख लिहिणाऱ्यालाही 'ऊर'चा अर्थ नावात मुरून गेलेला वाटत होता. दक्षिण महाराष्ट्र आणि मराठवाड्यातल्या नावांसाठी कन्नड आणि तेलुगू जाणणाऱ्या माणसाला आधी विचारा. पूर्व विदर्भात गोंडी बोलणाऱ्याला, मेळघाटात कोरकू बोलणाऱ्याला, सातपुड्यात भिली बोलणाऱ्याला. ज्यांनी नाव ठेवलं त्यांच्या भाषेत विचारायचं सोडून आपण पंचांगवाल्या काकांना विचारतो.

दापोली, आंबोली, चिंचवली, बोरिवली यांतलं 'ओली' आणि 'वली' हे 'पल्ली'चं झिजलेलं रूप. पल्ली म्हणजे छोटी वस्ती. संस्कृत कोशात हा शब्द आहे, पण तो तिथे दक्षिणेकडच्या भाषांतून आला, असं बहुतेक भाषाभ्यासक मानतात. संगमनेर, पारनेर, अमळनेर यांतलं 'नेर' नगरावरून आलं असं सांगितलं जातं आणि ते पटणारं आहे. प्रवरा आणि म्हाळुंगी यांच्या संगमावरचं नगर ते संगमनेर, इथे तर भूगोलही साक्ष देतो. म्हणून नेरळ आणि नेरूळही त्याच माळेत ओवू नका. 'नेर' शेवटी येणं वेगळं आणि सुरुवातीला येणं वेगळं.

कधी कधी नाव मुद्दाम उजळलं जातं. अमरावतीला आज इंद्राची नगरी आठवते. पण एकोणिसाव्या शतकात वऱ्हाडातला कापूस परदेशी बाजारात 'ऊमरा' या नावानं विकला जाई, कारण गावाचं चालू नाव उमरावती होतं. म्हणून अभ्यासक उदुंबर, उंबर हा धागा धरतात. उंबराची वस्ती हे मूळ कोणाला कमी वाटलं असेल तर तो त्याचा प्रश्न. उलट बाजूची चूकही याच शब्दावर होते: उमरी, उमरखेड, उमरगा दिसलं की 'उमर' नावाचा कोणी सरदार शोधला जातो. मराठवाड्यात आणि विदर्भात उंबराला 'उमर' म्हणतात, हे आधी आठवावं.

झाड ओळखता येत नसेल तर

महाराष्ट्रातली शेकडो गावं झाडांच्या नावाची आहेत, आणि आपल्याला झाडं ओळखता येईनाशी झाली आहेत. वड, पिंपळ, आंबा, चिंच एवढं जमतं. हिवर माहीत नसला की हिवऱ्यात हिवाळा दिसतो. टेंभुर्णी हे तेंदूच्या जातीचं झाड आहे हे ठाऊक नसलं की टेंभा, मशाल, लढाई अशी कथा तयार होते. सावरगाव बघितलं की काटेसावर आठवायला हवी, नांदूर-नांदुरा बघितलं की नांद्रुक. धामणगावात अडचण खरी आहे: धामण सापही आहे आणि झाडही. तिथे ठाम लिहू नका. गावच्या शिवारात किंवा जवळच्या डोंगरात ते झाड आहे का, होतं का, हे गुराख्याला विचारा.

चूक चौथी: इंग्रजी अक्षरांवरून मराठी नाव लावणं

मुंबईतलं सायन ऐकून लोकांना बायबलमधला पर्वत आठवतो. मूळ शब्द 'शीव', म्हणजे गावाची हद्द. मुंबई बेट इथे संपायचं, पुढे साष्टी बेट सुरू व्हायचं. ही शीव दीर्घ आहे, शंकराशी तिचा संबंध नाही. पण इथे आणखी एक खाचखळगा आहे. मोडीत ऱ्हस्व-दीर्घाचा भेद पाळला जात नाही. जुन्या मोडी कागदात 'शिव' वाचलं म्हणून गावात शंकराचं देऊळ शोधायला निघू नका, आणि 'शीव' वाचलं म्हणून हद्द सिद्ध झाली असंही समजू नका.

युरोपीय लेखकांना आपला 'ड' नीट ऐकू येत नसे, ते 'र' लिहीत. म्हणून खडकीचं किरकी झालं, चांदवडचं चांदोर झालं, गोव्यात मडगावचं मारगांव झालं. ही एक युक्ती लक्षात ठेवली तर जुन्या इंग्रजी कागदांतली बरीच कोडी सुटतात: अनोळखी 'र' दिसला की तिथे 'ड' घालून बघा.

मुंबईच्या नावाचा पोर्तुगीज किस्साही इथेच निकालात काढू. 'बोम बाहिया', म्हणजे चांगला उपसागर, यावरून बॉम्बे झालं असं सांगतात. पोर्तुगीज भाषेत 'बाहिया' स्त्रीलिंगी आहे. 'बोआ बाहिया' म्हणावं लागेल. स्वतःच्या भाषेतलं लिंग पोर्तुगिजांनी चुकवलं असं मानायचं का? शिवाय हे बेट त्यांच्या ताब्यात 1534 मध्ये आलं, आणि त्याआधीच 1516 च्या सुमारास बार्बोझा हा पोर्तुगीज लेखक 'ताना-मायांबू' असं नाव नोंदवतो. त्यात ठाणेही आहे आणि मुंबादेवीच्या नावाशी जुळणारा उच्चारही.

मोबाईलवरच्या नकाशांत तर आज इंग्रजीतून मराठीत यंत्रानं उलटवलेली नावं असतात. वडगावचं वाडगाव, आळ्याचं आले. त्यावरून व्युत्पत्ती लावणारे लेख मी वाचले आहेत. सातबारा आणि एसटीची पाटी बघा. ती तुलनेनं भरवशाची. त्याहून भरवशाचा शेजारच्या गावचा म्हातारा. तो नाव घेताना ते वाकवतो: "साताऱ्यास्नं आलो", "ठाण्याला गेलो". या सामान्यरूपात आणि आडनावांत जुना उच्चार टिकतो. कागदावर कराड झालं, पण कऱ्हाडकर आणि कऱ्हाडे यांनी 'ऱ्ह' सोडला नाही. भरहूतच्या लेखांत हेच गाव 'करहकट' असं येतं, तेव्हा तो 'ह' 2 हजार वर्षांचा आहे.

चूक पाचवी: नावाच्या पुढचे-मागचे शब्द कापून टाकणं

बुद्रुक आणि खुर्द हे फारसी शब्द आहेत: बुजुर्ग म्हणजे मोठं, खुर्द म्हणजे लहान. एका गावाचे दोन भाग झाले, तेव्हा महसुली कागदात हे वेगळेपण नोंदलं गेलं. आज खुर्द बुद्रुकापेक्षा तिप्पट मोठं असू शकतं. त्यावरून नाव चुकलं असं होत नाही. नाव पडलं तेव्हाची स्थिती तशी होती एवढंच कळतं. सांगलीजवळ कसबे डिग्रज आणि मौजे डिग्रज आहेत. कसबा म्हणजे बाजारपेठेचं, परगण्यातलं मोठं ठिकाण. मौजे म्हणजे साधं खेडं. हे शब्द तुम्हाला गावाचा जुना दर्जा सांगतात, म्हणून ते टाकून देऊ नका.

कवठे महांकाळ, कवठे एकंद, कवठे पिरान, कवठे यमाई. पहिला शब्द कवठाच्या झाडाचा, दुसरा ओळख पटवणारा. बहुतेक वेळा गावाचा खरा इतिहास या दुसऱ्या शब्दात असतो: कुठला देव, कुठला पीर, कुठली देवी. अर्थ सांगताना मात्र सगळे 'कवठ'पाशीच थांबतात.

आकडे दिसले की

सोळा गावं नाकारली म्हणून प्रत्येक आकडा खोटा नसतो. गोव्यातलं तिसवाडी म्हणजे तीस वाड्या, बारदेश म्हणजे बारा देश, साष्टी म्हणजे सहासष्ट गावं. मुंबईच्या साष्टीलाही हेच स्पष्टीकरण दिलं जातं. फरक असा की इथे आकडा एका प्रदेशाच्या, गावांच्या गटाच्या नावात आहे, आणि वसाहतीची किंवा महसुलाची मोजणी गटाचीच होते.

जुन्या कागदात गाव सापडतच नाही?

तीन कारणं असतात. पहिलं, तुम्ही चुकीच्या राज्याचे कागद बघताय. मुंबई इलाख्याचं गॅझेटिअर, ज्याचे बहुतेक खंड 1880 च्या दशकात निघाले, त्यात मराठवाडा आणि विदर्भ नाहीत. मराठवाड्यासाठी हैदराबाद संस्थानची दप्तरं, विदर्भासाठी मध्य प्रांत आणि वऱ्हाडची गॅझेटिअरं बघा. दुसरं, नाव बदललेलं असतं. चंद्रपूर आधी चांदा होतं, अंबाजोगाई निजामाच्या काळात मोमिनाबाद, अचलपूर इंग्रजी कागदांत एलिचपूर, राजगुरुनगर म्हणजे खेड, रायगड जिल्हा म्हणजे कुलाबा. अलीकडे धाराशिव, छत्रपती संभाजीनगर आणि अहिल्यानगर झाले. आज शोध घेणाऱ्या मुलाला दोन्ही नावांनी शोधावं लागेल. तिसरं, स्पेलिंग. त्यावर 'र-ड'ची युक्ती वर दिलीच आहे.

आणि गॅझेटिअरमध्ये सापडलं म्हणजे मोहोर उमटली असंही नाही. तिथली पुष्कळ व्युत्पत्ती स्थानिक कारकुनानं साहेबाला सांगितलेली कथाच आहे. गॅझेटिअर नावाचं रूप आणि त्याचा काळ यासाठी वापरा, अर्थासाठी जपून.

वसई-माहीम पट्ट्यातल्या लोकांसाठी एक सोय आहे. इतिहासकार वि. का. राजवाडे यांनी 1924 मध्ये प्रसिद्ध केलेल्या महिकावतीच्या बखरीत त्या भागातल्या गावांच्या याद्याच आहेत. गोदावरीकाठच्या आणि वऱ्हाडातल्या गावांसाठी महानुभाव पंथाची स्थानपोथी बघा. पंथाचे संस्थापक चक्रधरस्वामी कुठे राहिले, कुठल्या देवळात बसले, याच्या नोंदी करताना त्या मंडळींनी शेकडो गावांची नावं जपून ठेवली आहेत.

शेवटची चूक: कथा फेकून देणं, किंवा कथेलाच पुरावा म्हणणं

कीचकाची कथा नावाचं मूळ नसेल, पण ती मेळघाटात सांगितली जाते ही गोष्ट खरी आहे, आणि तीही नोंदवण्यासारखी आहे. म्हणून लिहिताना दोन रकाने ठेवा. एका रकान्यात 'गावात असं सांगतात', आणि सांगणारा माणूस साधारण कुठल्या पिढीचा. दुसऱ्यात जुनी रूपं, भावंड गावं, झाड, नदी, घाट. दोन्ही जुळलं तर उत्तम. नाही जुळलं तर तसंच छापा.

कमानीवर रंगवायची वेळ आली आणि सरपंच म्हणाले, "एकच काय ते पक्कं सांगा," तर फक्त नाव आणि त्याचं सर्वांत जुनं सापडलेलं रूप काळासकट रंगवून घ्या. अर्थाची ओळ लिहायचीच असेल तर तिच्या शेवटी 'असे मानतात' हे दोन शब्द ठेवा. रंगारी त्याचे वेगळे पैसे घेत नाही.